आधी पदवी, मग टेनिस : डॅनिएल कॉलिन्सची उलटी वाट

नववीचा निकाल लागला की पालकसभेत एक वाक्य हमखास ऐकू येतं. "सर, आता खेळ बंद. दहावी आहे." आपण शिक्षकही मान डोलावतो, कारण आपल्यालाही निकालाची काळजी असते. याच्या अगदी उलट वागणारे पालकही हल्ली भेटतात. मुलीच्या हाताला जरा बरा फटका लागतोय असं दिसलं की बाराव्या वर्षी तिला शाळेतून जवळजवळ काढूनच घेतात. सकाळी कोर्ट, दुपारी जिम, संध्याकाळी पुन्हा कोर्ट आणि शाळा फक्त परीक्षेपुरती. दोन्ही पालक परस्परविरुद्ध दिसतात, पण दोघांच्या मनात गृहीत धरलेली गोष्ट एकच असते : अभ्यास आणि खेळ एकत्र चालूच शकत नाहीत, एकाचा बळी द्यावाच लागतो.

आज एका अशा खेळाडूची माहिती घेऊ जिने हा बळी दिला नाही, निदान लवकर तरी दिला नाही. अमेरिकेची डॅनिएल कॉलिन्स. वाचकहो, तुम्ही टेनिस पाहत असाल तर नाव ओळखीचं असेल. पाहत नसाल तरी हरकत नाही, लेख टेनिसइतकाच शिक्षणाबद्दल आहे.

डॅनिएलचा जन्म 13 डिसेंबर 1993चा, फ्लोरिडा राज्यातल्या सेंट पीटर्सबर्ग गावचा. वडील लोकांच्या अंगणातली बागकामं आणि हिरवळ राखण्याची कामं करायचे, आई बालवाडीत शिक्षिका. म्हणजे आपल्याकडे ज्याला बेताची परिस्थिती म्हणतात तसंच घर. टेनिस हा तिथेही स्वस्त खेळ नाही. गंमत बघा, सेंट पीटर्सबर्गपासून खाडी ओलांडली की ब्रॅडेंटन लागतं आणि तिथे निक बोलेटिएरी यांची जगप्रसिद्ध अकादमी आहे. आंद्रे अगासी, मोनिका सेलेस, मारिया शारापोव्हा ही सगळी मंडळी तिथून तयार झालेली. कारखाना एवढा जवळ, पण अशा अकादमीची फी भरणं या घराच्या आवाक्यातलं नव्हतं. डॅनिएल शिकली ती सार्वजनिक कोर्टवर. तिथे जो भेटेल त्याच्याशी खेळायचं, त्यात वयाने कितीतरी मोठी माणसंही असायची.

हे मुद्दाम सांगतो, कारण महिला टेनिसमध्ये 'लवकर' या शब्दाला फार वजन आहे. मार्टिना हिंगिस सोळाव्या वर्षी जगात पहिल्या क्रमांकावर होती. त्याआधी 1990 साली जेनिफर कॅप्रियाती चौदावं लागायच्या आतच व्यावसायिक झाली, आणि पुढे थकवा, निराशा अशा फेऱ्यात अडकून काही काळ खेळापासूनच दूर गेली. अशी उदाहरणं पाहूनच महिला टेनिस संघटनेला 1990च्या दशकाच्या मध्यावर वयाचे नियम कडक करावे लागले. अल्पवयीन मुलींनी वर्षाला किती व्यावसायिक स्पर्धा खेळायच्या यावर बंधन आलं. तरीसुद्धा सर्वसाधारण समज तोच राहिला की सतरा-अठराला चमकली नाही तर संपलं. अशा जगात डॅनिएल व्यावसायिक झाली ती बावीस वर्षांची असताना. हातात पदवी घेऊन.

आता अमेरिकेतलं कॉलेज टेनिस म्हणजे नक्की काय, ते थोडं समजून घेऊ. आपल्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा डोळ्यांसमोर आणलात तर अंदाज चुकेल. तिथे विद्यापीठांच्या खेळांचा कारभार पाहणारी एक राष्ट्रीय संघटना आहे, एनसीएए या नावाने ती ओळखली जाते. तिने महिलांची टेनिस अजिंक्यपद स्पर्धा 1982 साली सुरू केली. यामागे एक कायदा आहे आणि तो आपल्याला, विशेषतः मुलींच्या शाळांना, ठाऊक असायलाच हवा. 1972 साली अमेरिकेत 'टायटल नाइन' म्हणून ओळखला जाणारा कायदा झाला. सरकारी पैसा घेणाऱ्या कोणत्याही शिक्षणसंस्थेला मुलगी म्हणून भेदभाव करता येणार नाही, एवढाच त्याचा गाभा. कायद्याच्या त्या मूळ वाक्यात खेळाचा शब्दही नाही. पण खेळ हा शिक्षणाचाच भाग असल्यामुळे तो आपोआप लागू झाला. मुलग्यांच्या फुटबॉल संघावर एवढा पैसा आणि शिष्यवृत्त्या खर्च होतात, तर मुलींना काय देता, हे विद्यापीठांना दाखवून द्यावं लागलं. परिणाम असा की कित्येक वर्षं पहिल्या श्रेणीतल्या विद्यापीठाच्या महिला टेनिस संघाला आठ पूर्ण शिष्यवृत्त्या देता यायच्या आणि पुरुषांच्या संघाला साडेचारच. (ही साडेचार एकमेकांत वाटून घ्यायची, म्हणून अर्धी.) आता हे नियम बदलले आहेत, पण डॅनिएलच्या काळात हेच होते. पूर्ण शिष्यवृत्ती म्हणजे फी, राहणं, जेवण, पुस्तकं. शिवाय प्रशिक्षक, फिजिओ, कोर्ट, प्रवास हे सगळं संघाचं. बागकाम करणाऱ्या माणसाच्या मुलीला चार वर्षं फुकट अकादमी मिळाली, वर पदवी मिळाली, असंच म्हणा ना.

सामन्याची पद्धतही वेगळी. दोन विद्यापीठांच्या लढतीत आधी तीन दुहेरी सामने होतात, त्यांचा मिळून एक गुण. मग सहा एकेरी, प्रत्येकाला एक गुण. सातपैकी चार गुण ज्याचे, त्याची लढत. सहा कोर्टवर एकाच वेळी खेळ चालू असतो, शेजारच्या कोर्टवरची आपली मैत्रीण ओरडून आपल्याला चेव आणत असते, प्रतिस्पर्धी संघ आणखी मोठ्याने ओरडत असतो. व्यावसायिक टेनिसमधली ती शांतता इथे नाही. डॅनिएल प्रत्येक महत्त्वाच्या गुणानंतर मूठ आवळून ज्या त्वेषाने ओरडते ना, ते काही प्रेक्षकांना खटकतं. मला विचाराल तर ती सवय त्या गोंगाटातच पक्की झालेली आहे. जी मुलगी सहा कोर्टांच्या कलकलाटात खेळायला शिकली तिच्याकडून पुढे चिडीचूप खेळाची अपेक्षा करणं जरा जास्तच.

आणि एक नियम आपल्या कामाचा आहे. हंगाम चालू असताना सराव आणि सामने मिळून आठवड्याला 20 तासांची मर्यादा, आणि आठवड्यातला एक दिवस पूर्ण सुट्टी. शिवाय पूर्णवेळ विद्यार्थी म्हणून ठरलेले विषय घ्यायचे आणि किमान गुण राखायचे, नाहीतर संघाबाहेर. नियम कागदावर आहेत आणि पळवाटाही निघतात, हे खरं. पण नियम आहे म्हणजे निदान प्रश्न मान्य केलेला आहे. आपल्याकडे खेळाडू मुलांना दहावी-बारावीत सवलतीचे गुण मिळतात. ती सोय चांगलीच आहे. पण गुण हे खेळून झाल्यावर मिळतात, खेळायला वेळ मिळत नाही. वेळापत्रकात जागा कोणी द्यायची, हा प्रश्न तसाच राहतो.

डॅनिएल आधी फ्लोरिडा विद्यापीठात गेली. एक वर्ष तिथे काढून तिने विद्यापीठ बदललं आणि व्हर्जिनिया विद्यापीठात आली. हे विद्यापीठ शार्लट्सव्हिल गावात आहे, थॉमस जेफरसन यांनी 1819 साली स्थापन केलेलं. तिथे तिने माध्यमशास्त्र हा विषय घेतला. आणि मे 2014 मध्ये, जॉर्जिया राज्यातल्या अथेन्स गावी, ती राष्ट्रीय महाविद्यालयीन एकेरीची विजेती झाली.

इथून पुढचा प्रसंग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, म्हणून जरा सावकाश सांगतो.

महाविद्यालयीन विजेतेपद मिळवणारी खेळाडू अमेरिकन असेल तर अमेरिकन ओपन स्पर्धेचं वाइल्ड कार्ड तिला देण्याची प्रथा तेव्हा होती. वाइल्ड कार्ड म्हणजे क्रमवारीत बसत नसतानाही मुख्य फेरीत थेट प्रवेश. तसं डॅनिएलला 2014च्या अमेरिकन ओपनमध्ये खेळायला मिळालं. पहिल्याच फेरीत समोर कोण? दुसरं मानांकन असलेली रुमानियाची सिमोना हालेप, जी त्याच वर्षी फ्रेंच ओपनची अंतिम फेरी खेळून आली होती. सामना आर्थर अ‍ॅश स्टेडियमवर, जगातल्या सर्वात मोठ्या टेनिस स्टेडियमवर. सुट्टी संपवून कॉलेजला परत जायच्या तयारीत असलेल्या या मुलीने पहिला सेट टायब्रेकरवर जिंकला! पुढचे दोन हालेपने 6-1, 6-2 असे घेतले आणि सामनाही घेतला.

आता विचार करा, तुमच्या घरातली मुलगी असती तर. वय वीस. जगातल्या दोन नंबरच्या मानांकित खेळाडूकडून एक सेट काढलेला. त्या वर्षी पहिल्या फेरीत हरणाऱ्या खेळाडूलाही 35 हजार डॉलरच्या वर रक्कम होती, म्हणजे तेव्हाच्या भावाने सुमारे 21 लाख रुपये. ही रक्कम पूर्ण घ्यायची तर व्यावसायिक व्हायचं, कॉलेज संघावर पाणी सोडायचं. कारण तेव्हाच्या नियमाप्रमाणे कॉलेजची खेळाडू हौशीच असावी लागे, तिला झालेल्या खर्चापुरतेच पैसे घेता येत. आपल्या ओळखीतल्या कितीतरी घरांत या क्षणी एकच निर्णय झाला असता. काकांपासून शेजाऱ्यांपर्यंत सगळे म्हणाले असते, "संधी दार ठोठावतेय, कॉलेज काय पळून चाललंय?"

डॅनिएल कॉलेजला परत गेली.

पुढची दोन वर्षं ती शिकली आणि संघासाठी खेळली. मे 2016 मध्ये ओक्लाहोमातल्या टल्सा इथे तिने तेच विजेतेपद दुसऱ्यांदा जिंकलं. दोनदा ही एकेरी जिंकणाऱ्या मुली हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्याच. फ्लोरिडा विद्यापीठाची लिसा रेमंड ही त्यांतली एक, तिने 1992 आणि 1993 अशी लागोपाठ जिंकली आणि पुढे दुहेरीत जगात पहिली झाली. तर 2016 साली पदवी घेतली आणि मग डॅनिएल व्यावसायिक खेळाडू झाली.

इथे गोष्ट संपवून "बघा, अभ्यास केला म्हणून यश मिळालं" असं म्हणता आलं असतं तर सोपं होतं. तसं झालं नाही. पदवीच्या कागदाला क्रमवारीत एकही गुण मिळत नाही. 2016च्या अमेरिकन ओपनमध्ये पुन्हा वाइल्ड कार्ड मिळालं, पुन्हा पहिल्या फेरीत हार. 2017 सालात ती एकाही ग्रँड स्लॅम स्पर्धेच्या मुख्य फेरीत नव्हती. हे वर्ष छोट्या स्पर्धांचं. प्रेक्षक मोजके, बक्षिसं तुटपुंजी, प्रवासाचा आणि हॉटेलचा खर्च स्वतःचा. पहिल्या शंभरात नसलेल्या टेनिसपटूचं अर्थकारण फार कठीण असतं. तिथे पगार नसतो. हरलात की पुढच्या गावचं तिकीट काढायचं.

2018 उजाडलं आणि गाडी हलली. जानेवारीत कॅलिफोर्नियातली न्यूपोर्ट बीचची स्पर्धा तिने जिंकली, त्यामुळे मार्चमधल्या मोठ्या इंडियन वेल्स स्पर्धेचं दार उघडलं. तिथे चौथी फेरी. लगेच मायामीत पात्रता फेरीपासून खेळत ती थेट उपांत्य फेरीत पोचली आणि वाटेत तिने व्हीनस विल्यम्सला सरळ सेटमध्ये हरवलं. व्हीनस ही लहानपणापासूनची तिची आवडती खेळाडू.

तरी ग्रँड स्लॅममधली पाटी अजून कोरीच. 2018 संपलं तेव्हा तिने अशा स्पर्धांत पाच सामने खेळले होते आणि पाचही हरली होती. जानेवारी 2019, ऑस्ट्रेलियन ओपन. क्रमवारीत 35वी. पहिल्या फेरीत 14वं मानांकन असलेल्या युलिया गॉर्गेसविरुद्ध पहिला सेट गमावला, मग सामना जिंकला. तो ग्रँड स्लॅममधला तिचा पहिला विजय. चौथ्या फेरीत आदल्या वर्षीची विम्बल्डन विजेती अँजेलिक कर्बर समोर आली आणि डॅनिएलने तिला 6-0, 6-2 असं तासाभराच्या आत घरी पाठवलं. उपांत्य फेरीत पेत्रा क्विटोव्हाकडून हरली. पाच वर्षांत शून्य विजय, मग पंधरवड्यात पाच. आपल्या वर्गातही अशी मुलं असतात. चाचण्यांमध्ये सारखी मागे, आणि एक दिवस काहीतरी जुळतं. आपण मात्र पाचव्या चाचणीनंतर शेरा लिहून मोकळे होतो.

तिचा खेळ कसा आहे, ते दोन ओळीत सांगतो. दोन हातांचा बॅकहँड हे मुख्य शस्त्र. चेंडू उंच फिरवत ठेवण्यापेक्षा सपाट आणि वेगात मारायचा, आणि प्रतिस्पर्ध्याच्या सर्व्हिसवर पहिल्याच फटक्यात हल्ला चढवायचा. चुका होतात, पण ती त्या चुकांना घाबरून चेंडू नुसता परत ढकलत बसत नाही.

आता त्या विषयाकडे येतो ज्यासाठी हा लेख मी आई-वडिलांनी वाचावा असं म्हणेन, मुलगी खेळाडू असो वा नसो.

2019 मध्येच डॅनिएलला ऱ्हुमॅटॉइड आर्थ्रायटिस असल्याचं निदान झालं. संधिवाताचा हा प्रकार म्हातारपणाचा नाही. यात शरीराची प्रतिकारशक्ती आपल्याच सांध्यांवर उलटते. पंचविशीतल्या टेनिसपटूला हे ऐकावं लागणं म्हणजे काय, ते सांगायला नको. पण त्याहून जुनं दुखणं दुसरंच होतं. पाळीच्या दिवसांत तिला असह्य वेदना व्हायच्या, पाठीत कळा यायच्या, आणि तिने स्वतः सांगितल्याप्रमाणे वर्षानुवर्षं डॉक्टरांकडून तिला हेच ऐकायला मिळालं की पाळीत दुखणं नॉर्मल असतं. अखेर 2021 मध्ये शस्त्रक्रिया झाली तेव्हा एंडोमेट्रिऑसिस असल्याचं नक्की झालं. बीजाशयावरची टेनिसच्या चेंडूएवढी गाठ काढावी लागली.

एंडोमेट्रिऑसिस म्हणजे गर्भाशयाच्या आतल्या अस्तरासारखे पेशीजाल गर्भाशयाच्या बाहेर वाढतं. दर महिन्याला तिथेही सूज येते, वेदना होतात, पुढे काहींना मूल होण्यात अडचण येते. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे मूल होण्याच्या वयातल्या साधारण दहा टक्के स्त्रियांना आणि मुलींना हा आजार असतो. साध्या सोनोग्राफीत तो दर वेळी दिसतोच असं नाही, त्यामुळे निदानाला कित्येकदा वर्षं जातात. दहा टक्के हा आकडा वर्गात आणून बघा. आठवीनंतरच्या चाळीस मुलींच्या वर्गातल्या साधारण चार जणींचा हा प्रश्न आज ना उद्या असू शकतो.

आपल्याकडे काय होतं? पीटीच्या तासाला एक मुलगी बाकावर बसून राहते. बाई विचारतात, मुलगी मान खाली घालते, बाई समजतात. घरी आई म्हणते, "आम्हीही सोसलंच की." आजी म्हणते, "लग्न झालं की थांबतं." या बोलण्यात प्रेम असतं, वाईट हेतू कुणाचाच नसतो. पण दर महिन्याला शाळा बुडावी इतकं दुखणं, औषध घेऊनही उलट्या व्हाव्यात इतकं दुखणं, हे सोसायचं नसतं, दाखवायचं असतं, आणि स्त्रीरोगतज्ज्ञाने पहिल्यांदा टाळलं तर दुसऱ्याला दाखवायचं असतं. शिक्षकांनो, हजेरीपत्रक आपल्याच हातात आहे. एखादी मुलगी दर महिन्याला ठरावीक दोन-तीन दिवस गैरहजर दिसत असेल तर तिच्या आईशी एकदा शांतपणे बोला. पुरुष शिक्षकाला संकोच वाटत असेल तर सहकारी बाईंना सांगा, पण सांगा.

शस्त्रक्रियेनंतर काही महिन्यांतच डॅनिएलने कारकिर्दीतलं पहिलं मोठं विजेतेपद मिळवलं, जुलै 2021 मध्ये इटलीतल्या पालेर्मोला. लगेच ऑगस्टमध्ये सॅन होसे. वय सत्तावीस. जी ताकद वेदना सहन करण्यात खर्च होत होती ती खेळायला मोकळी झाली, असं मला वाटतं. डॉक्टर कदाचित याहून नेमकं सांगतील.

जानेवारी 2022 मध्ये ती ऑस्ट्रेलियन ओपनच्या अंतिम फेरीत होती. उपांत्य फेरीत तिने इगा स्वियातेकला 6-4, 6-1 हरवलं होतं, आणि ही स्वियातेक तीनच महिन्यांत जगात अव्वल होणार होती. अंतिम फेरीत समोर अ‍ॅश्ले बार्टी, तिच्या घरच्या प्रेक्षकांसमोर. पहिला सेट बार्टीचा, पण दुसऱ्यात डॅनिएल 5-1 ने पुढे. तिथून बार्टीने सेट ओढून काढला : 6-3, 7-6. 1978 नंतर प्रथमच एका ऑस्ट्रेलियन महिलेने घरची ही स्पर्धा जिंकली, त्यामुळे दुसऱ्या दिवशी बातम्या साहजिकच बार्टीच्या होत्या. डॅनिएल मात्र या स्पर्धेनंतर पहिल्या दहांत आली आणि जुलै 2022 मध्ये सातव्या क्रमांकावर पोचली. हाच तिचा सर्वोच्च क्रमांक.

मग पुन्हा दुखापती, पुन्हा घसरण. जानेवारी 2024 मध्ये ऑस्ट्रेलियात दुसऱ्या फेरीत स्वियातेककडून तीन सेटमध्ये हरल्यावर तिने जाहीर केलं की हे माझं शेवटचं वर्ष. आजार आहे, मुलं हवी आहेत, आणि त्याला वेळेची मर्यादा आहे. पत्रकारांनी पुन्हा पुन्हा विचारलं, खेळ चांगला होतोय तर का सोडतेस? मला हा प्रश्न नेहमी खटकतो. ज्या मुलीने विसाव्या वर्षी पैसे समोर असताना कॉलेज निवडलं ती तिशीत स्वतःच्या आयुष्याचा निर्णय स्वतः घेईल, यात नवल काय?

आणि नेमकं या 'शेवटच्या' वर्षात मार्चमध्ये मायामीची स्पर्धा आली. स्वतःचं राज्य, क्रमवारीत 53वी, मानांकन नाही. पहिल्या सामन्यात पहिलाच सेट गमावला, आणि त्यानंतर एकही नाही. 30 मार्चला अंतिम फेरीत एलेना रिबाकिनाला 7-5, 6-3 हरवून ती विजेती झाली. मायामीच्या महिला गटात एवढ्या खालच्या क्रमांकावरून कुणी जिंकलं नव्हतं. बक्षीस 11 लाख डॉलर. आठवड्याभरात चार्ल्सटनची स्पर्धाही तिची, अंतिम फेरीत दारिया कसात्किनावर 6-2, 6-1. सलग पंधरा सामने जिंकल्यावर ही घोडदौड माद्रिदमध्ये आर्यना सबालेंकाने थांबवली. ऑक्टोबर 2024 मध्ये डॅनिएलने सांगितलं की निवृत्ती पुढे ढकलतेय. कारणही तिने लपवलं नाही. एंडोमेट्रिऑसिसमुळे मूल होण्याचा प्रवास वाटला होता तितका सोपा नाही, वेळ लागणार आहे, तोवर खेळते. हे इतक्या उघडपणे बोलणारी खेळाडू विरळाच.

कॉलेजमधून आलेली ती एकटीच आहे का? नाही. तिच्याच व्हर्जिनिया विद्यापीठाची एमा नवारो 2021 मध्ये महाविद्यालयीन विजेती झाली आणि 2024च्या अमेरिकन ओपनची उपांत्य फेरी खेळली. तिने मात्र दोन वर्षांनंतर कॉलेज सोडून व्यावसायिक टेनिस धरलं. वाट एकच असते असं नाही. आणि आपल्याला अभिमान वाटावा अशी गोष्ट म्हणजे याच विद्यापीठात डॅनिएलच्या काही वर्षं आधी आपला सोमदेव देववर्मन होता. 2006 ते 2008 अशी सलग तीन वर्षं तो महाविद्यालयीन एकेरीच्या अंतिम फेरीत खेळला, त्यातली शेवटची दोन जिंकला. 2007 ला त्याने हरवलेला उंचापुरा जॉन इस्नर पुढे विम्बल्डनमधल्या 11 तास 5 मिनिटांच्या त्या विक्रमी सामन्यासाठी प्रसिद्ध झाला. सोमदेवने 2010च्या आशियाई खेळांत एकेरी आणि दुहेरी अशी दोन सुवर्णपदकं आणली.

आणि महाराष्ट्राची ऋतुजा भोसले. टेक्सास ए अँड एम विद्यापीठाकडून कॉलेज टेनिस खेळून ती परत आली आणि 2023 मध्ये हांगझोऊला झालेल्या आशियाई खेळांत रोहन बोपण्णाबरोबर मिश्र दुहेरीचं सुवर्ण जिंकली. अंतिम सामन्यात पहिला सेट 2-6 गेला होता. मग 6-3 आणि निर्णायक टायब्रेकर 10-4. तुमच्या शाळेतल्या मुलींना डॅनिएल परकी वाटली तर ऋतुजाचं नाव सांगा.

पालकांना आता थोडं रोखठोक. हे वाचून उद्या कुणी "शिष्यवृत्ती मिळवून देतो" म्हणणाऱ्या एजंटकडे पैसे भरायला जाऊ नये. अमेरिकन विद्यापीठांच्या टेनिस संघांत जगभरची मुलं येतात, स्पर्धा तीव्र आहे, सगळ्यांना पूर्ण शिष्यवृत्ती मिळत नाही, आणि प्रशिक्षक मुलीची सामन्यांची कामगिरी पाहतात तसेच शाळेचे गुणही पाहतात. नववीपासूनच्या गुणपत्रिका मागतात. म्हणजे "खेळाडू आहे, अभ्यास चालेल तसा" हे धोरण तिथे दारातच अडतं. उलट "दहावी आहे, दोन वर्षं रॅकेट कपाटात" हेही अडतं, कारण त्या दोन वर्षांत खेळलेल्या स्पर्धाच तर त्यांना पाहायच्या असतात.

वर्गात हा विषय घ्यायचा असेल तर आठवी-नववीला 2014चा तो प्रसंग सांगा आणि तिने काय केलं ते आधी सांगू नका. एका बाजूला 21 लाख, दुसऱ्या बाजूला दोन वर्षांचं कॉलेज. मुलांचे दोन गट करा आणि बोलू द्या. बहुतेक वर्ग पैशांच्या बाजूने झुकेल, झुकू द्या. मग विचारा : ती त्या वर्षी व्यावसायिक झाली असती, पुढची दोन वर्षं हरत राहिली असती, आणि दुखणंही वाढलं असतं, तर तिच्या हातात काय उरलं असतं? माझा अंदाज आहे की या प्रश्नावर मुलीच जास्त बोलतील.